अंगणात बासवूड लावायचं असेल तर

मिशिगन, इलिनॉय, विस्कॉन्सिन, मिनेसोटा या भागांत घर घेतलेल्या आपल्या अनेक लोकांच्या अंगणात एक रिकामी जागा असते. तिथे पूर्वी ॲशचं झाड होतं. एमराल्ड ॲश बोरर हा हिरवा खोडकिडा २००२ साली डेट्रॉइटजवळ सापडला. त्यानंतर त्याने कोट्यवधी ॲश मारले आणि वसाहतीच्या वसाहती उन्हात उघड्या पडल्या. झाड तोडून, बुंधा दळून झाला की घरात विचारविनिमय सुरू होतो: आता इथे काय लावायचं? जागा पुरेशी असेल तर माझं मत बासवूडला. ॲशच्या किड्याचा याला त्रास नाही, सावली दाट, फुलांना सुगंध, आणि हे झाड मुळात याच मातीतलं. मिनेसोटा-विस्कॉन्सिनमधली काही जुनी जंगलं शुगर मेपल आणि बासवूड यांची आहेत.

बासवूडचं शास्त्रीय नाव टिलिया अमेरिकाना. नर्सरीत त्याच्यावर ‘अमेरिकन लिंडन’ अशीही पाटी असते. भेंडी, कापूस, जास्वंद यांच्याच कुळातलं हे झाड आहे. सह्याद्रीतली धामण आणि आपला फालसाही याच कुळातले. धामणीच्या सालीचे दोर वळतात तसेच बासवूडच्या आतल्या सालीचे दोर आणि चटया इथले मूळनिवासी ओजिब्वे लोक पिढ्यानपिढ्या करत आले. पान हृदयाच्या आकाराचं, कडेला दाते असलेलं, आणि देठाशी एक बाजू दुसरीपेक्षा खाली उतरलेली. ही देठाजवळची असमान बाजू एकदा पाहिली की झाड कुठेही ओळखता येतं.

हे झाड कोणी लावू नये

पूर्ण वाढलेलं बासवूड ६० ते ८० फूट उंच आणि ३० ते ५० फूट रुंद होतं. टाऊनहाऊसच्या पुढच्या पट्ट्यात, विजेच्या तारांखाली किंवा फुटपाथ आणि रस्ता यांच्यामधल्या चिंचोळ्या जागेत ते लावू नका. बर्फ वितळवायला रस्त्यावर टाकलेलं मीठ या झाडाला सोसत नाही. दडपून घट्ट झालेली मातीही सोसत नाही. हिवाळ्यात जिथे मीठ मारलेल्या बर्फाचे ढीग पडतात तिथे लावलं तर झाड खुरटतं आणि मग दहा वर्षं त्याच्याकडे बघत हळहळावं लागतं.

हवामानाचं म्हणाल तर अमेरिकी कृषी खात्याच्या नकाशावरचे, हिवाळ्यातल्या थंडीनुसार पाडलेले झोन ३ ते ८ याला मानवतात. फीनिक्स, लास व्हेगस अशा कोरड्या, तापलेल्या ठिकाणी याचा नाद सोडावा. पुण्याला किंवा नाशिकला बी नेऊन लावण्याचा विचारही करू नका. थंडीत पूर्ण झोप झाल्याशिवाय या झाडाच्या कळ्या नीट फुटत नाहीत, आणि तेवढी थंडी आपल्याकडे पडत नाही.

जागा निवडणं

घराच्या भिंतीपासून किमान २५ ते ३० फूट अंतर ठेवा. घराच्या पश्चिमेला किंवा नैर्ऋत्येला लावलं तर जुलैतल्या दुपारचं ऊन अडतं, आणि हिवाळ्यात पानं गळून गेल्यामुळे ऊन घरात येतं. सेप्टिक टाकीचं सांडपाणी जिरवायची जागा, शेजाऱ्याची हद्द आणि ड्राइव्हवे यांपासून लांबच राहा. ड्राइव्हवेचं कारण पुढे मावा किडीच्या संदर्भात येईल.

माती खोल, ओल धरणारी पण पाणी न साचणारी हवी. परीक्षा सोपी आहे. एक फूट खोल खड्डा खणा, पाण्याने भरा, ते जिरू द्या आणि पुन्हा भरा. दुसऱ्या वेळी पाणी तासाला सुमारे एक इंच उतरत असेल तर जागा चालेल. दुसऱ्या दिवशी सकाळीही खड्ड्यात पाणी दिसलं तर तिथे बासवूड नको. नव्या वसाहतीत बांधकामाच्या वेळी वरची चांगली माती खरवडून नेलेली असते आणि लॉनच्या दोन इंच पट्ट्याखाली नुसती चिकणमाती असते, म्हणून ही परीक्षा टाळू नका.

खणायच्या आधी दोन-तीन कामाचे दिवस हातात ठेवून ८११ ला फोन करा. ही सेवा फुकट आहे. माणसं येऊन गॅसची लाइन पिवळ्या, विजेची लाल आणि पाण्याची निळ्या रंगाने आखून जातात. तुम्ही स्वतः टाकलेल्या स्प्रिंकलरच्या नळ्या किंवा गॅरेजला नेलेली वायर मात्र ते आखत नाहीत. ती तुमची तुम्ही आठवायची. एचओए (वसाहतीची घरमालक संघटना) असेल तर झाडाच्या जातीची परवानगी लेखी घ्या.

कोणतं झाड विकत घ्यावं

नर्सरीत तीन प्रकारची लिंडन शेजारी शेजारी उभी असतात आणि गल्लत होते. अमेरिकन बासवूडचं पान तळहाताएवढं किंवा त्याहून मोठं असतं. लिटललीफ लिंडनचं पान दोन-तीन इंचांचं. हे युरोपातलं झाड आहे आणि त्याचा ‘ग्रीनस्पायर’ हा वाण रस्तोरस्ती लावलेला दिसतो. सिल्व्हर लिंडनच्या पानाची खालची बाजू पांढरट, लवदार असते. जपानी भुंगेऱ्यांचा त्रास सिल्व्हरला त्यातल्या त्यात कमी होतो. अंगण बेताचं असेल तर बासवूडचा ‘बुलेव्हार्ड’ हा अरुंद वाण बघा. डौलदार त्रिकोणी आकार हवा असेल तर ‘रेडमंड’ हा जुना, भरवशाचा वाण आहे.

आकार मोठा म्हणून झाड चांगलं असं समजू नका. जमिनीपासून सहा इंचांवर मोजलेलं दीड-दोन इंच जाडीचं खोड पुष्कळ झालं. त्याहून मोठं झाड शेतातून उपटताना निम्म्याहून जास्त मुळं मागे राहतात आणि ती भरून काढण्यात त्याची वर्षं जातात. लहान झाड लवकर रुजतं आणि बहुतेक वेळा मोठ्याला गाठतं. शिवाय गोणपाटात बांधलेला दोन इंची झाडाचा गड्डा, म्हणजे मुळांभोवतीचा मातीचा गोळा, दोन माणसांना सहज उचलत नाही.

पैसे वाचवायचे असतील तर तुमच्या काउंटीच्या सॉइल अँड वॉटर कन्झर्व्हेशन डिस्ट्रिक्ट या माती-पाणी जपणाऱ्या सरकारी कार्यालयात चौकशी करा. बऱ्याच काउंट्या हिवाळ्यात नोंदणी घेऊन वसंतात उघड्या मुळांची छोटी रोपं अगदी स्वस्तात विकतात. ती आणल्या दिवशीच लावायची. मुळं वाऱ्या-उन्हात एक तासही उघडी ठेवू नयेत.

झाड निवडताना खोडाच्या तळाशी बोट घालून माती उकरा. खोड जिथे रुंद होऊन मुळांत शिरतं तो भाग वरच्या एक-दोन इंचांत सापडला पाहिजे. पुष्कळदा तो पाच-सहा इंच मातीखाली गाडलेला असतो. कुंडीतलं झाड असेल तर मुळं गोल गोल फिरलेली आहेत का ते पाहा. लिंडनच्या वंशात खोडाभोवती आवळत जाणाऱ्या मुळांचा दोष बराच दिसतो. वर्षानुवर्षं काही कळत नाही, आणि मग अचानक एका बाजूच्या फांद्या वाळू लागतात.

बी पेरून करायची हौस असेल तर धीर मोठा हवा. बियांचं कवच दगडासारखं कठीण असतं आणि आतल्या गर्भालाही थंडीची झोप लागते. त्यामुळे काही बिया पेरल्यावर दुसऱ्या किंवा तिसऱ्या वसंतात उगवतात. शरदात फळं करडी-तपकिरी होऊ लागताच, कवच पूर्ण वाळायच्या आत, गोळा करून लगेच पेरलेल्या बिया जास्त उगवतात. वर बारीक जाळी हवी, नाहीतर खारी एकही बी ठेवत नाहीत. बियांपासूनच्या झाडाला फुलं साधारण पंधराव्या वर्षाच्या सुमारास येतात, कलमी झाडाला त्यामानाने लवकर.

लावणी

वसंतात जमीन वितळून हाताने भुरभुरीत लागू लागली की, किंवा शरदात पानं गळायच्या सुमारास, लावणी करा. मे उलटला की शक्यतो थांबा.

खड्डा रुंद हवा, खोल नको. गड्ड्याच्या दोन ते तीन पट रुंद, आणि खोली गड्ड्याएवढीच. तळाची माती हलवू नका, कारण भुसभुशीत तळावर झाड पुढच्या महिन्यांत खाली बसतं. झाड उचलताना गड्ड्याला धरा, खोडाला धरून ओढू नका. खड्ड्यात ठेवलं की खोडाचा पसरट भाग आजूबाजूच्या जमिनीच्या पातळीला किंवा इंचभर वर दिसला पाहिजे. चिकणमाती असेल तर दोन इंच वर ठेवलं तरी चालतं. त्यानंतरच गोणपाट सोडा. वरचा अर्धा भाग आणि तारेची जाळी कापून काढा, खोडाला गुंडाळलेली सुतळी तर हमखास. ती तशीच राहिली तर पुढे खोड आवळते. कुंडीतल्या झाडाचा बाहेरचा इंचभर मुळांचा थर करवतीने सगळ्या बाजूंनी सरळ उतरवा. कापताना जिवावर येतं, पण तसं केलं नाही तर ती मुळं गोल फिरतच राहतात.

खणून काढलेली मातीच परत भरा. खड्ड्यात शेणखत, कंपोस्ट आणि पीट मॉस भरून एक लाडाचं घर करण्याची आपल्याला सवय असते. पण मुळांना आत इतकं सुखाचं मिळालं की ती बाहेरच्या मातीत जायला तयार होत नाहीत. कंपोस्ट घालायचंच असेल तर वरून, पातळ थर. अर्धी माती भरून झाली की पाणी सोडा, म्हणजे हवेचे खिसे बुजतात. मग उरलेली भरा, आणि बाहेरच्या कडेला तीन-चार इंच उंचीचं आळं करा.

आळ्यात लाकडाच्या चिपांचं दोन ते चार इंच जाड आच्छादन घाला आणि खोडाभोवती तीन इंच जागा मोकळी सोडा. अमेरिकेत घराघरांपुढे खोडाला टेकवून मल्चचे डोंगर रचलेले दिसतात. ते पाहून नका करू. ओल्या चिपांत साल कुजते, वरून नवी मुळं फुटतात आणि तीच पुढे खोडाला विळखा घालतात. खांब-दोरीचा आधार वाऱ्याच्या जागीच द्या, पट्टा रुंद आणि सैल ठेवा, आणि वर्षभराने नक्की काढून टाका.

पाणी

पहिले दोन आठवडे रोज. नंतर तीन महिने होईपर्यंत दोन-तीन दिवसांनी. त्यापुढे आठवड्यातून एकदा, जमीन गोठेपर्यंत. खोडाच्या प्रत्येक इंच जाडीमागे दर वेळी एक ते दीड गॅलन, म्हणजे दोन इंची झाडाला दोन ते तीन गॅलन. लॉनच्या स्प्रिंकलरवर विसंबू नका. तो वरचा इंचभर थर ओला करतो, गड्डा आत कोरडाच राहतो. आठवड्यातून एकदा मातीत बोट किंवा लांब स्क्रूड्रायव्हर खुपसून पाहा. आत ओल असेल तर त्या दिवशी पाणी नको, कारण जास्त पाण्यानेही मुळं गुदमरतात.

हे वेळापत्रक पहिलं वर्ष पाळायचं. दुसऱ्या-तिसऱ्या वर्षी पाऊस नसलेल्या आठवड्यांत खोलवर पाणी द्या. बासवूडची तहान जास्त. तहान लागली की पानांच्या कडा तपकिरी होऊन कुरकुरतात.

पहिल्या वर्षी खत देऊ नका. ‘वीड अँड फीड’ प्रकारचं लॉनचं खत झाडाच्या मुळांच्या परिसरात कधीच टाकू नका. त्यात डायकॅम्बासारखं रुंद पानांच्या तणांचं औषध असतं, ते मुळांतून झाडात जातं आणि नवी पानं वेडीवाकडी निघतात. खरं म्हणजे बासवूडला फारसं खत लागत नाही. त्याच्या पानांत कॅल्शियम भरपूर असतं आणि पाचोळा लवकर कुजतो. शरदात पानं पिशव्यांत भरून रस्त्यावर ठेवण्याऐवजी मॉवर फिरवून तिथेच बारीक करा.

पहिले हिवाळे

कोवळ्या बासवूडची साल पातळ आणि गोडसर. बर्फाखालून उंदीरवर्गीय व्होल आणि वरून ससे ती सगळ्या बाजूंनी कुरतडतात. साल गोल सोलली गेली तर झाड गेलं. पाव इंच भोकांच्या तारेच्या जाळीचं नळकांडं खोडाभोवती सैल बसवा आणि खालची कड दोन-तीन इंच मातीत पुरा. उंची ठरवताना बर्फाची जाडी धरा. दोन फूट बर्फ साचला की ससा त्यावर उभा राहून वरची साल खातो. हरणं फिरकत असतील तर कुंपण चार-पाच फुटी हवं.

दुसरा धोका हिवाळ्यातल्या उन्हाचा. दुपारच्या उन्हाने नैर्ऋत्येकडची साल गरम होते आणि सूर्यास्तानंतर पारा एकदम उतरला की तडकते. नोव्हेंबरमध्ये खोडाला पांढरी पट्टी गुंडाळा आणि एप्रिलमध्ये काढा. उन्हाळ्यात ती तशीच ठेवली तर आत कीड आणि ओल राहते.

छाटणी

फेब्रुवारी-मार्चमध्ये, पानं नसताना. त्या वेळी फांद्यांचा सांगाडा स्पष्ट दिसतो. पहिल्या वर्षी मोडकी-वाळकी फांदी सोडून काही कापू नका. तिसऱ्या वर्षापासून एकच गोष्ट बघायची: मधलं खोड एकच राहतंय ना. दोन खोडं सारख्या जोमाने वर जात असतील तर एकाला मागे छाटा, नाहीतर पंचवीस वर्षांनी वादळात तो जोड उभा चिरतो. कापताना फांदीच्या बुडाशी असलेला सुजेसारखा कडा शाबूत ठेवून त्याच्या बाहेरून कापा. जखमेला रंग किंवा डांबर लावू नका. एका वर्षात पाव हिश्श्यापेक्षा जास्त फांद्या काढू नयेत आणि शेंडा तर कधीच छाटू नये.

बुंध्याशी फुटव्यांचा झुबका येणं हा या झाडाचा स्वभावच आहे. फुटवे कोवळे असतानाच हाताने ओढून काढा.

जपानी भुंगेरे, आणि औषधाचा प्रश्न

बासवूड लावणाऱ्याला सगळ्यात जास्त जपून वागायचं असतं ते इथेच. जून संपता संपता हिरव्या डोक्याचे आणि तांबूस पाठीचे, अर्ध्या इंचाहून लहान भुंगेरे येतात. अमेरिकेत ते १९१६ साली न्यू जर्सीत पहिल्यांदा सापडले. गुलाब, द्राक्षाचा वेल आणि लिंडन ही त्यांची आवडती ताटं. ते पानाच्या शिरा तेवढ्या ठेवतात आणि मधलं सगळं खातात. जुलैच्या मध्याला झाडाचा वरचा भाग करपल्यासारखा तपकिरी दिसतो आणि घरातले घाबरतात.

रुजलेलं, निरोगी झाड यात मरत नाही. पुढच्या वसंतात पालवी नेहमीसारखी येते. हे मनाशी पक्कं असेल तर पुढचे निर्णय सोपे जातात.

पहिल्या तीन वर्षांतलं झाड मात्र वाचवायला हवं. सकाळी लवकर भुंगेरे सुस्त असतात. साबणाच्या पाण्याची बादली फांदीखाली धरा आणि फांदीला टिचकी मारा, ते पटापट पडतात. पहिले काही आठवडे हे नेमाने केलं तर फरक दिसतो, कारण खाल्लेल्या पानांच्या वासाने आणखी भुंगेरे येतात. झाड लहान असेल तर फुलं संपल्यावर पाव इंचाहून बारीक भोकांची जाळी चढवा आणि ऑगस्टमध्ये काढा. निमतेलाचा फवारा त्यांना काही दिवस दूर ठेवतो. तो संध्याकाळी, आणि फुलं नसताना. पिवळ्या पिशवीचे वासाचे सापळे घेऊ नका. ते पकडतात त्याहून जास्त भुंगेरे तुमच्या अंगणात बोलावतात.

यांची अळी म्हणजे आपल्या शेतकऱ्यांना ठाऊक असलेल्या हुमणीचीच भावंडं. ती लॉनखाली गवताची मुळं खाते. अंडी टिकायला ओल लागते, म्हणून जुलै-ऑगस्टमध्ये लॉनला पाणी कमी करा आणि झाडाच्या आळ्यात मात्र चालू ठेवा. भुंगेरे दुरून उडत येतात, त्यामुळे एका अंगणातल्या उपायाने ते नाहीसे होणार नाहीत.

आता औषध. लॉनची देखभाल करणारे लोक सांगतील, ‘मुळाशी एकदा ओततो, वर्षभर बघायला नको.’ ते बहुतेक वेळा निऑनिकोटिनॉइड गटातलं इमिडाक्लोप्रिड किंवा डायनोटेफ्युरान हे कीटकनाशक असतं. हे विष रसाबरोबर पानांत जातं, तसंच फुलांतल्या मधात आणि परागातही जातं. बासवूडवर फुलांच्या दिवसांत मधमाश्यांचा नुसता गुंजारव असतो. जून २०१३ मध्ये ऑरेगनमधल्या विल्सनव्हिल गावात एका पार्किंगमधल्या फुललेल्या लिंडनवर मावा मारण्यासाठी डायनोटेफ्युरान फवारलं गेलं आणि ५० हजारांहून अधिक भुंगामाश्या (बंबलबी) झाडांखाली मरून पडल्या. नंतर ऑरेगनने लिंडनवर या गटातली चार कीटकनाशकं वापरायला बंदी घातली. तुमच्या राज्यात कायदा नसला तरी बासवूडवर हे औषध वापरू नका आणि कंत्राटदाराला तसं लिहून द्या. त्याने औषध बदलून आणतो म्हटलं तर लेबलचा फोटो मागवा आणि त्यावर ‘टिलिया’बद्दल काय लिहिलं आहे ते वाचा. अगदी नाइलाज असेल तर क्लोरअँट्रानिलिप्रोल हे मधमाश्यांना त्यामानाने कमी धोक्याचं आहे, पण तेही फुलं संपल्यावर आणि परवानाधारकाकडूनच.

बाकी किडींना फार मनावर घेऊ नका. मावा पानांतला रस शोषतो आणि गोड चिकटा खाली गळतो. गाडीच्या काचेवर त्याचे ठिपके पडतात, मग त्यावर काळी बुरशी येते. ड्राइव्हवेपासून लांब लावा म्हटलं ते याचसाठी. जून महिन्यात पानावर खिळ्यांसारख्या लाल गाठी उभ्या राहिल्या तर त्या सूक्ष्म कोळ्यांच्या असतात. दिसायला विचित्र, झाडाला निरुपद्रवी. एका बाजूची पूर्ण फांदी भर उन्हाळ्यात अचानक मलूल झाली, तर मात्र बुंध्याशी माती उकरून आवळणारं मूळ आहे का ते आधी बघा.

फुलं

मिनेसोटा-विस्कॉन्सिनकडे फुलं जूनअखेर ते जुलैच्या सुरुवातीला येतात. फिकट पिवळसर फुलांचे घोस एका लांबट, फिक्या पानपट्टीला लोंबकळत असतात. नीट उमललेले घोस पट्टीसकट खुडून सावलीत वाळवले तर त्याचा काढा छान होतो. युरोपात लिंडनचा चहा घराघरांत पितात. पण झाडाला वर सांगितलेलं कोणतंही औषध दिलेलं असेल, किंवा आधीच्या मालकाने काय केलं ते ठाऊक नसेल, तर त्या झाडाची फुलं घेऊ नका.

पुढची वर्षं

रुजल्यावर झाड वर्षाला एक ते दोन फूट वाढतं. दर वसंतात बुंध्याभोवतीचं आच्छादन बाजूला करून खोडाचा पसरट भाग उघडा आहे ना, आणि आडवं मूळ त्याला चिकटून वाढत नाही ना, हे पाहा. बोटाएवढं असताना असं मूळ छिन्नीने कापता येतं. मनगटाएवढं झाल्यावर ते तज्ज्ञाचं काम होतं.

बासवूडचं लाकूड हलकं आणि मऊ. कोरीवकाम करणारे त्याच्यावर जीव टाकतात, पण याच गुणामुळे जुन्या झाडाच्या जखमा लवकर सडतात आणि खोड पोकळ होतं. दूरवर, कोणावर पडणार नाही अशा जागी उभं असेल तर पोकळी राहू द्या. सुतारपक्षी आणि वुड डक तिथे घर करतात. घराजवळचं झाड असेल आणि खोडावर भेग, आळंबी किंवा नव्याने आलेला कल दिसला, तर आयएसए या आंतरराष्ट्रीय संस्थेने प्रमाणित केलेल्या आर्बरिस्टला, म्हणजे वृक्षतज्ज्ञाला, बोलवा. त्याचा प्रमाणपत्र क्रमांक आणि विम्याचा कागद आधी मागा, अंदाजपत्रक दोघांकडून घ्या, आणि ‘शेंडा छाटून उंची कमी करतो’ म्हणणाऱ्याला काम देऊ नका.